बौद्ध तत्त्वज्ञान आणि बौद्ध कथा: मराठीत पुस्तकं कशी शोधायची? (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

ओळखीपाळखीच्या लोकांना बौद्ध विषयांवरची पुस्तकं शोधून द्यायचं काम मी बऱ्याच वर्षांपासून करते. सुरुवातीला महिन्याला एखादा प्रश्न यायचा. आता रोज येतात आणि त्यातले बरेचसे तेच असतात, म्हणून उत्तरं एका जागी लिहून ठेवली आहेत. सोपे प्रश्न आधी आहेत, अडचणीचे पुढे. एका उत्तरात आलेली गोष्ट दुसरीकडे पुन्हा सांगितलेली नाही, तिथे त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. मी यातलं काहीच वाचलेलं नाही. एकच पुस्तक सांगा, कुठून सुरुवात करू?

धर्मानंद कोसंबी यांचं ‘भगवान बुद्ध’. १९४० च्या सुमाराचं हे पुस्तक आजही अडखळत वाचावं लागत नाही. कोसंबी आधी पाली ग्रंथात काय आहे ते दाखवतात आणि मग आपलं मत सांगतात, त्यामुळे मूळ कुठलं आणि लेखकाचं कुठलं हे नवख्या वाचकालाही कळतं. बुद्धाच्या काळची राज्यं, तेव्हाचे इतर श्रमणपंथ, संघाचे नियम, आहार हे सगळं त्यात येतं. मांसाहारावरच्या प्रकरणाने तेव्हा मोठा वाद झाला होता. ते प्रकरण वगळू नका. पुराव्यावर बोट ठेवून कसं लिहायचं, ते त्यात दिसतं.

घरात ‘भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म’ आधीच असेल, तर अर्थात तिथूनच सुरुवात करा. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या इंग्रजी ग्रंथाचा हा मराठी अनुवाद. मूळ ग्रंथ १९५७ मध्ये, त्यांच्या महापरिनिर्वाणानंतर प्रसिद्ध झाला. आठ खंड, त्यात भाग, आणि भागांत क्रमांक घातलेली छोटी छोटी वाक्यं अशी रचना असल्यामुळे रोज दोन पानं मोठ्याने वाचायला हे पुस्तक फार सोयीचं आहे.

२. मला तत्त्वज्ञान हवं आहे, गोष्टी नकोत. (किंवा उलट: गोष्टी हव्यात, तत्त्वज्ञान नको.)

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि दर वेळी मी एकच सांगते: या साहित्यात हे दोन वेगळे कप्पे नाहीत. मज्झिमनिकाय हा तत्त्वज्ञानाचा ग्रंथ मानतात. त्यातलं ककचूपमसुत्त उघडा (सुत्त म्हणजे बुद्धांचा एक उपदेश किंवा संवाद). मोळियफग्गुन नावाच्या भिक्खूला, भिक्खुणींबद्दल कोणी वाईट बोललं की राग यायचा. त्याला समजावताना बुद्ध श्रावस्तीच्या वेदेहिकेची गोष्ट सांगतात. शांत आणि नम्र बाई म्हणून वेदेहिकेचं गावभर नाव होतं. तिची दासी काली कामात तरबेज होती. कालीच्या मनात आलं, बाईंना राग येतच नाही, की माझं काम चोख असतं म्हणून तो दिसत नाही? परीक्षा बघायला ती एक दिवस उशिरा उठली. दुसऱ्या दिवशी आणखी उशिरा, तिसऱ्या दिवशी त्याहून उशिरा. तिसऱ्या दिवशी वेदेहिकेने दाराचा अडसर उचलून तिच्या डोक्यात घातला. काली रक्ताळलेल्या डोक्याने शेजाऱ्यांना म्हणाली, ‘बघा शांत बाईंचं काम!’

क्षमा म्हणजे काय, ती कधी खरी आणि कधी नुसती सोयीची, हे तत्त्वज्ञान आहे की गोष्ट? ती गोष्ट दासीच्या बाजूने सांगितली आहे, हेही विसरू नका. नदी ओलांडल्यावर तराफा डोक्यावर घेऊन फिरणारा माणूस (अलगद्दूपमसुत्त), विषारी बाण लागलेला असताना तो कोणी मारला याची चौकशी करत बसणारा माणूस (चूळमालुंक्यसुत्त), हत्ती चाचपणारे जन्मांध (उदान) हे सगळे सुत्तांतच भेटतात. म्हणून पुस्तक निवडताना मी एकच कसोटी लावते: गोष्ट कोणाला, कोणत्या प्रसंगी, कशासाठी सांगितली हे त्या पुस्तकात शिल्लक आहे का? ते प्रत्यक्ष कसं तपासायचं, ते प्रश्न ७ मध्ये पाहा.

३. त्रिपिटक म्हणजे एकच ग्रंथ ना? मराठीत पूर्ण मिळेल का?

एकच ग्रंथ नाही, ते एक कपाटच आहे. विनयपिटकात संघाचे नियम, सुत्तपिटकात उपदेश आणि संवाद, अभिधम्मपिटकात चित्ताचं बारीक विश्लेषण. सुत्तपिटकाचे पाच निकाय: दीघ, मज्झिम, संयुत्त, अंगुत्तर, खुद्दक. धम्मपद, सुत्तनिपात, थेरगाथा, थेरीगाथा आणि जातक (बुद्धांच्या मागच्या जन्मांच्या कथा) हे खुद्दकनिकायात येतात.

मराठीत वेगवेगळ्या ग्रंथांचे वेगवेगळे अनुवाद आहेत, आणि ‘संपूर्ण त्रिपिटक एका पुस्तकात’ असं मुखपृष्ठ दिसलं तर तो संक्षेप आहे हे समजून घ्या. हिंदी वाचत असाल तर वाट बरीच मोकळी आहे: राहुल सांकृत्यायन यांचे मज्झिमनिकाय आणि विनयपिटकाचे अनुवाद १९३० च्या दशकातले आहेत आणि अजून वापरात आहेत.

४. धर्मानंद कोसंबी आणि डी. डी. कोसंबी एकच का? यांचं आणखी काय वाचावं?

वडील आणि मुलगा. दामोदर धर्मानंद (१९०७–१९६६) हे गणितज्ञ आणि इतिहासकार. धर्मानंद (१८७६–१९४७) हे पालीचे पंडित, गोव्यातल्या साखवाळचे. ग्रंथालयाच्या यादीत दोघे ‘कोसंबी, डी.’ असे एकत्र पडलेले असतात, म्हणून शोधताना पूर्ण नाव घाला. ‘कोसम्बी’ आणि ‘कौसंबी’ अशी नोंदही सापडते.

धर्मानंदांचं ‘निवेदन’ हे आत्मकथन मी पुस्तकं शोधणाऱ्या प्रत्येकाला वाचायला देते. गोव्यातल्या खेड्यात ‘बालबोधमेवा’ या मराठी मासिकात त्यांनी बुद्धाचं चरित्र वाचलं आणि त्या ओढीने १८९९ मध्ये घर सोडलं. पुणे, ग्वाल्हेर, काशी, नेपाळ, बोधगया करत ते श्रीलंकेला पोचले, कारण पाली शिकवणारं आणि ग्रंथ हाती देणारं कोणी इकडे त्यांना भेटलं नाही. पुढे बडोद्याच्या सयाजीरावांनी त्यांना महिना ५० रुपये दिले, अट एवढीच की महाराष्ट्रात राहायचं आणि वर्षाला एक पुस्तक लिहायचं. मराठीतलं बौद्ध साहित्याचं कपाट असं भरत गेलं.

गोष्टींसाठी त्यांचं ‘बुद्धलीलासारसंग्रह’ आणि ‘जातककथासंग्रह’, शिकवणीसाठी ‘बुद्ध, धर्म आणि संघ’ (१९१०, मुळात व्याख्यानं), ध्यानासाठी ‘समाधिमार्ग’, भिक्खूंच्या जीवनासाठी ‘बौद्धसंघाचा परिचय’.

५. ‘जातक’ शोधलं की सगळी ज्योतिषाची पुस्तकं येतात. काय करू?

मराठीत ज्याची कुंडली मांडायची त्यालाही ‘जातक’च म्हणतात, त्यामुळे हे होणारच. ‘जातककथा’, ‘जातक अट्ठकथा’ (अट्ठकथा म्हणजे मूळ ग्रंथावरची टीका), ‘बोधिसत्त्व कथा’ (बोधिसत्त्व म्हणजे बुद्ध होण्याआधीच्या जन्मांतले बुद्ध) असे शब्द वापरा.

शब्दांच्या बाबतीत आणखी दोन अडचणी येतात. पहिली, पाली आणि संस्कृत रूपं: धम्म/धर्म, सुत्त/सूत्र, निब्बान/निर्वाण, कम्म/कर्म, थेरी/स्थविरा. दोन्ही घालून पाहा. दुसरी अडचण टंकलेखनाची आहे. जुन्या फाँटमध्ये टाइप केलेल्या याद्यांत ‘बुद्ध’चं ‘बुध्द’ आणि ‘बौद्ध’चं ‘बौध्द’ झालेलं असतं. डोळ्यांना फरक दिसत नाही, संगणकाला मात्र ते वेगळे शब्द वाटतात. एका वाचनालयाच्या संगणकावर मला ‘पुस्तक नाही’ असं उत्तर मिळालं होतं आणि पुस्तक समोरच्या फळीवर होतं. तेव्हापासून मी दोन्ही प्रकारे टाइप करते.

६. जातककथा नेमक्या किती? मराठीत पूर्ण संच कोणता?

पाली संग्रहात ५४७ जातकं आहेत. त्यांची मांडणी विषयावर नसून गाथांच्या, म्हणजे पद्यांच्या, संख्येवर आहे: ज्यांत एकच गाथा ती पहिल्या निपातात (विभागात), दोन असलेली दुसऱ्या, असं वाढत जाऊन शेवटी महानिपात. हे माहीत असेल तर खंड विकत घेताना फसगत होत नाही. लहान, झटपट सांगता येणाऱ्या कथा पहिल्या खंडांत असतात. महानिपातातली शेवटची दहा जातकं छोट्या कादंबऱ्यांएवढी मोठी आहेत, वेस्संतर जातक त्यातलं अगदी शेवटचं.

मराठीत मोठं काम दुर्गा भागवतांचं: ‘सिद्धार्थ जातक’, सात खंड. लोककथेच्या अभ्यासाची त्यांची नजर त्यात जागोजागी जाणवते. पूर्ण संच एकदम मिळाला नाही तर सुटे खंड घ्या, प्रत्येक खंड स्वतंत्रपणे वाचता येतो. हिंदीत भदंत आनंद कौसल्यायन यांनी सहा खंडांत जातकांचा अनुवाद केला आहे. निवडक हव्या असतील तर कोसंबींचा संग्रह आहेच, शिवाय चिं. वि. जोशींचं ‘जातकातील निवडक गोष्टी’. होय, चिमणरावांचे जनक तेच. ते बडोद्याला पालीचे प्राध्यापक होते, आणि गोष्ट सांगण्याचा त्यांचा हात इथेही तितकाच मोकळा आहे.

७. दुकानात उभ्या उभ्या पुस्तक चाळताना चांगलं-वाईट कसं ओळखायचं?

जातकाच्या पूर्ण रूपाला पाच अंगं असतात. आधी वर्तमानकथा: बुद्ध कुठे होते, काय घडलं, कोणी काय विचारलं. मग अतीतकथा, म्हणजे आपण जिला ‘गोष्ट’ म्हणतो ती. मग गाथा, गाथेचा शब्दार्थ, आणि शेवटी समोधान: तेव्हाचा अमुक म्हणजे आत्ताचा तमुक.

सशाच्या गोष्टीत (ससजातक) एका गृहस्थाने संघाला सगळ्या गरजेच्या वस्तूंचं दान दिलं, हा वर्तमानातला प्रसंग. ससा भुकेल्या ब्राह्मणाला स्वतःचं शरीर द्यायला आगीत उडी घेतो, ही अतीतकथा. समोधानात पाणमांजर म्हणजे आनंद, कोल्हा म्हणजे मोग्गल्लान, वानर म्हणजे सारिपुत्त, हे तिघे बुद्धांचे शिष्य. मधली गोष्ट तेवढी उचलून खाली ‘तात्पर्य: दान करावे’ असं छापलं की ऐकणाऱ्याने जोडायचे सगळे धागे तुटतात. मी एकदा पाचशे पानांचा एक जाडजूड संग्रह मोठ्या आशेने घेतला, घरी येऊन पाहिलं तर एकाही कथेत गाथा नव्हती आणि जातकाचं नावही नव्हतं.

म्हणून तीन गोष्टी तपासा: प्रत्येक कथेला जातकाचं नाव किंवा क्रमांक आहे का, गाथा किंवा निदान तिचा अर्थ आहे का, अनुवाद कशावरून केला ते आतल्या पानावर लिहिलं आहे का. तिन्ही असतील तर निर्धास्त घ्या. एकही नसेल तर छपाई कितीही देखणी असली तरी ठेवून द्या.

८. मुलांना कोणत्या गोष्टी सांगाव्यात? काही फार क्रूर वाटतात.

वाटतात, आणि तुमचं बरोबर आहे. सगळी जातकं मुलांसाठी नाहीत. मुळात ती मोठ्या माणसांना सांगितलेली आहेत. पाच-सहा वर्षांच्या मुलांना बडबडं कासव (कच्छपजातक), माकड आणि सुसर (सुंसुमारजातक), सिंहाचं कातडं पांघरणारं गाढव (सीहचम्मजातक). आठ-दहा वर्षांच्या मुलांना महोसध पंडिताच्या न्यायाच्या कथा (महाउम्मग्ग जातक) फार आवडतात. त्यात एका मुलासाठी दोन बायका भांडतात आणि खरी आई कोण ते महोसध ओळखतो. वेस्संतर जातकात राजपुत्र स्वतःची मुलं दान देऊन टाकतो. ते लहानांना सांगू नका. मी एकदा सांगून पाहिलं, आणि ऐकणारी मुलगी दोन दिवस आईला सोडेना. बारा-तेराच्या पुढे हीच कथा चर्चेला उत्तम: हे दान योग्य होतं का?

सांगताना वर्तमानकथेपासून सुरुवात करा. ‘एकदा जेतवनात दोन माणसं भांडत होती…’ म्हटलं की मुलं स्वतःच ओळखायला लागतात की गोष्टीतला कोण म्हणजे कोण.

आणि शक्य असेल तर मुलांना अजिंठ्याला न्या. लेणी क्र. १७ मध्ये छद्दंत हत्ती, महाकपी, वेस्संतर, तर लेणी क्र. १ मध्ये महाजनक अशी जातकं भिंतींवर रंगवलेली आहेत. आधी पुस्तकात वाचलेली गोष्ट भिंतीवर शोधायची, यासारखं वाचन नाही.

९. धम्मपदाच्या इतक्या आवृत्त्या आहेत. कोणती घेऊ?

ज्यात मूळ पाली गाथा देवनागरीत असेल ती. धम्मपदात २६ वग्ग (प्रकरणं) आणि ४२३ गाथा आहेत, आकडे जुळतात का ते पाहा. नुसत्या अर्थाचं पुस्तक घेऊ नका, कारण मराठी वाचकाला मूळ अर्धंमुर्धं कळतंच:

न हि वेरेन वेरानि सम्मन्तीध कुदाचनं।
अवेरेन च सम्मन्ति एस धम्मो सनन्तनो॥

वैराने वैर शमत नाही, अवैराने शमतं. ‘सम्मन्ति’मधला ‘शम’ कानाला लगेच ओळखू येतो.

प्रत्येक गाथा कोणत्या प्रसंगी म्हटली गेली, ते धम्मपद-अट्ठकथेत आहे. किसा गोतमीची मोहरीची गोष्ट तिथलीच: ज्या घरात कोणी मेलेलं नाही अशा घरातून मोहरी आण. कथांसह धम्मपद मिळालं तर तेच घ्या.

१०. ही पुस्तकं प्रत्यक्ष कुठे मिळतात?

सगळ्यात मोठा बाजार दोन ठिकाणी भरतो: धम्मचक्र प्रवर्तन दिनाला नागपूरच्या दीक्षाभूमीवर आणि ६ डिसेंबरला दादरच्या चैत्यभूमीजवळ, शिवाजी पार्कवर. राज्यभरातले लहानमोठे प्रकाशक तिथे येतात. वर्षभर कुठल्याही दुकानात न दिसणारी, तालुक्याच्या गावी छापलेली पुस्तकं तिथे हाताला लागतात. डोक्यावर गाठोडं घेऊन रात्रभर प्रवास करून आलेली माणसं परतताना पिशवीत पुस्तकं भरून नेतात, हे मी दर वर्षी पाहते आणि दर वर्षी मला भरून येतं. यादी लिहून न्या आणि गर्दीत घाई झाली तरी प्रश्न ७ मधल्या तीन गोष्टी तपासा.

बाबासाहेबांच्या लेखन आणि भाषणांचे महाराष्ट्र शासनाने काढलेले खंड शासकीय ग्रंथागारात मिळतात आणि किंमत अगदी कमी असते. ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ हा त्यातला ११ वा खंड. त्याच्या पुरवणीत पाली मूळस्थळं दिली आहेत, अभ्यास करायचा असेल तर ती सोडू नका. १६ व्या खंडात बाबासाहेबांनी केलेला पाली शब्दकोश आणि व्याकरण आहे.

बसून वाचायचं असेल तर मुंबईचं सिद्धार्थ महाविद्यालय, छत्रपती संभाजीनगरचं मिलिंद महाविद्यालय, पुण्यातली भांडारकर संस्था आणि डेक्कन कॉलेज, दादरचं मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय. बाहेरच्या वाचकासाठी नियम वेगवेगळे असतात, आधी फोन करून जा. तालुक्याच्या वाचनालयाला कमी लेखू नका. १९५० ते ८० या काळातली पुस्तकं मला तिथेच जास्त सापडली.

११. इंटरनेटवर मोफत मिळतात ती पुस्तकं उतरवून घेणं कायदेशीर आहे का?

काही बाबतीत पूर्णपणे. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी, त्या वर्षाच्या अखेरीस, हक्क संपतो. धर्मानंद कोसंबी १९४७ मध्ये गेले, म्हणजे त्यांची पुस्तकं २००८ पासून खुली आहेत. कृष्णराव अर्जुन केळुसकरांचं ‘गौतम बुद्धाचे चरित्र’ (१८९८) तर कधीच खुलं झालं. हेच पुस्तक केळुसकर गुरुजींनी मॅट्रिक झालेल्या भीमराव आंबेडकरांना भेट दिलं होतं. मराठी विकिस्रोत आणि इंटरनेट आर्काइव्हवर अशी जुनी पुस्तकं शोधा.

दुर्गा भागवतांचं निधन २००२ मध्ये झालं, तेव्हा त्यांचे खंड विकतच घ्यायचे. आणि अनुवादाचा हक्क मूळ ग्रंथापेक्षा वेगळा असतो: मूळ खुलं असलं तरी त्याचा मराठी अनुवाद खुला असेलच असं नाही. छोट्या प्रकाशकाचं पुस्तक मोबाइलवर फिरवलं तर त्याची पुढची आवृत्ती निघत नाही, एवढं लक्षात ठेवा.

१२. मला पाली येत नाही. मूळ ग्रंथ वाचण्याचा विचार सोडून देऊ का?

मुळीच नको. पालीला स्वतःची अशी एक लिपी नाही. श्रीलंकेत सिंहली, म्यानमारमध्ये बर्मी, थायलंडमध्ये थाई लिपीत तेच ग्रंथ छापतात. आपल्याकडे देवनागरीत आहेत. नालंदाची ४१ खंडांची देवनागरी आवृत्ती भिक्षू जगदीश काश्यप यांच्या संपादनाखाली निघाली, आणि इगतपुरीच्या विपश्यना विशोधन विन्यासाने अट्ठकथांसह सगळं साहित्य देवनागरीत छापून ऑनलाइनही मोफत ठेवलं आहे. परदेशातल्या मराठी वाचकांनाही मी हेच सांगते, टपालखर्च वाचतो.

अनुवाद डाव्या हाताला, मूळ उजव्या हाताला ठेवा आणि रोज एक गाथा घ्या. कोसंबींचा ‘लघुपाठ’ किंवा प्रश्न १० मधला १६ वा खंड जवळ असू द्या. वर्षभरात धम्मपद कोशाशिवाय वाचता येतं, असं मी एकाहून अधिक गृहिणींच्या आणि निवृत्त शिक्षकांच्या बाबतीत पाहिलं आहे.

१३. महायान, नागार्जुन, शून्यवाद यांवर काय वाचू?

इथे मूळ संस्कृत आहे. दरभंग्याच्या मिथिला संस्थेच्या बौद्ध-संस्कृत-ग्रंथावलीत पुण्याचे प. ल. वैद्य यांनी संपादित केलेले ग्रंथ देवनागरीत आहेत: ललितविस्तर, आर्यशूराची जातकमाला, शांतिदेवाचा बोधिचर्यावतार. गोष्टींची आवड असेल तर जातकमालेपासून सुरुवात करा. ३४ कथा, गद्य-पद्य मिश्र, भाषा अतिशय सुंदर. अश्वघोषाच्या बुद्धचरिताचे २८ सर्ग होते, पण संस्कृतात साधारण पहिला अर्धाच उरला. बाकीचा तिबेटी आणि चिनी अनुवादांतून कळतो. म्हणून देवनागरी प्रतीत कथा मध्येच थांबली तर पुस्तक फाटलेलं नाही.

नागार्जुनाची मूलमध्यमककारिका पहिलं पुस्तक म्हणून घेऊ नका. आधी मिलिंदप्रश्न वाचा. रथ म्हणजे चाक का, आस का, जू का, असं विचारत नागसेन राजा मिलिंदाला ‘मी’ कुठे आहे ते शोधायला लावतो. ते पचलं की शून्यतेचं दार सापडतं.

१४. एका पुस्तकात सिद्धार्थ म्हातारा, आजारी, प्रेत आणि संन्यासी पाहून घर सोडतो, दुसऱ्यात नदीच्या पाण्याच्या भांडणामुळे. खरं कोणतं?

दोन्हींमागे ग्रंथ आहेत, पण वेगवेगळ्या थरांतले. चार दृश्यांची कथा दीघनिकायातल्या महापदानसुत्तात येते, पण तिथे ती विपस्सी या आधीच्या बुद्धाबद्दल आहे. गौतमाच्या चरित्रात ती पुढे जोडली गेली. मज्झिमनिकायातल्या अरियपरियेसनसुत्तात बुद्ध स्वतः सांगतात की आईवडील रडत असताना मी केस काढून घर सोडलं. मध्यरात्री गुपचूप निघण्याचा तिथे पत्ता नाही. कोसंबींनी हे मांडून सुत्तनिपातातल्या अत्तदंडसुत्ताकडे लक्ष वेधलं, जिथे थोड्या पाण्यातल्या माशांसारखी तडफडणारी माणसं पाहून भय वाटल्याचं म्हटलं आहे. बाबासाहेबांच्या ग्रंथात शाक्य आणि कोलियांचा रोहिणी नदीच्या पाण्यावरचा तंटा हेच गृहत्यागाचं कारण आहे. तिन्ही शेजारी ठेवून वाचा.

१५. ‘अत्त दीप भव’ हे वचन कोणत्या ग्रंथात आहे? पानासह हवं आहे.

या शब्दांत मिळणार नाही. महापरिनिब्बानसुत्तात, वेसालीजवळच्या बेलुव गावी मोठ्या आजारातून उठल्यावर बुद्ध आनंदाला म्हणतात: ‘अत्तदीपा विहरथ अत्तसरणा अनञ्ञसरणा.’ आपल्याकडे रूढ झालेलं वचन त्याचा संक्षेप आहे, भाव तोच. ‘दीप’चा अर्थ पालीत दिवा आणि बेट असा दोन्ही होतो, म्हणून काही अनुवादांत ‘स्वतःच बेट व्हा’ असं सापडतं. अनुवादक चुकलेला नाही. ‘बहुजनहिताय बहुजनसुखाय’ मात्र शब्दशः विनयपिटकाच्या महावग्गात आहे.

१६. माकड आणि मगर तर पंचतंत्रात आहेत. मग कोणी कोणाकडून घेतलं?

गोष्टी आधी लोकांच्या तोंडी होत्या, मग दोन्हीकडे आल्या. इ. स. पूर्व काळातल्या भारहुतच्या स्तूपावर जातकांची शिल्पं नावांसकट कोरलेली आहेत, तेव्हा त्या किती जुन्या आहेत याचा दगडी पुरावा आहे. पंचतंत्रात प्राणी राजपुत्रांना व्यवहार शिकवतात. जातकात तेच प्राणी बोधिसत्त्वाच्या वाटेवर भेटतात. एकच गोष्ट दोन्हींतून वाचून पाहा, सांगणाऱ्याने वजन कुठे टाकलं आहे ते कळेल.

१७. दशरथ जातकात राम आणि सीता भाऊ-बहीण आहेत असं ऐकलं. हे खरं का? कोणी खोडसाळपणे छापलं आहे का?

तसं छापलेलं आहे आणि खोडसाळपणा नाही. पाली संग्रहातलं हे ४६१ वं जातक. वडील वारल्यामुळे कामधंदा सोडून बसलेल्या एका गृहस्थाला बुद्ध ही कथा सांगतात. त्यातला दशरथ काशीचा राजा आहे, राम, लक्खण आणि सीता ही त्याची मुलं, वनवास हिमालयात, बारा वर्षांचा, रावण नाहीच. भरत वडिलांच्या मृत्यूची बातमी घेऊन येतो तेव्हा राम ढळत नाही, कथेचा सगळा भर त्या प्रसंगावर आहे. शेवटी राम परत येतो आणि सीता त्याची राणी होते. राजकुळात भावंडांच्या विवाहाची गोष्ट शाक्यांच्या उत्पत्तिकथेतही आहे. वर्तमानकथा गाळून फक्त हा तपशील कोणी पुढे केला तर भांडणं होतात. पूर्ण वाचली तर ती दुःखातून उभं राहण्याची गोष्ट आहे. वाल्मीकी आधी की जातक आधी, यावर एकोणिसाव्या शतकापासून वाद चालू आहे.

१८. आम्ही बाबासाहेबांना मानणारे. मागच्या जन्मांच्या कथा असलेली जातकं आम्ही वाचावीत का?

मला हा प्रश्न फार प्रामाणिक वाटतो. बाबासाहेबांनी आत्मा नाकारला, मागच्या जन्माच्या कर्माने आजची गरिबी आणि जात समजावून सांगणं नाकारलं, आणि बुद्धाच्या नावावर घातलेलं सगळं तपासून घ्या असं सांगितलं. जातकांत फक्त गाथा तिपिटकात मोडतात. गद्य कथा आणि समोधान अट्ठकथेतलं आहे. हा फरक ठेवून वाचलं तर अडचण येऊ नये. खुद्द बाबासाहेबांच्या ग्रंथात कथांना मोठी जागा आहे: उपाली न्हावी, सुनीत झाडूवाला, सुप्रबुद्ध कुष्ठरोगी, अंगुलिमाल. त्यांनी काय घेतलं आणि काय सोडलं, हे पाहणं हाच एक अभ्यास आहे. आणि ४९७ वं मातंगजातक वाचाच. त्यात बोधिसत्त्व चांडाळकुळात जन्मतो आणि जातीचा गर्व उतरवतो.

१९. बऱ्याच जातकांत बायकांविषयी वाईट लिहिलं आहे. मुलीला काय द्यावं?

असातमंतजातकासारख्या कथा आहेत, आणि त्या चांगल्या म्हणून सांगण्याची काही गरज नाही. मुलीला थेरीगाथा द्या: ७३ काव्यं, भिक्खुणींनी स्वतःच्या तोंडून म्हटलेली. मुत्ता म्हणते, तीन वाकड्या गोष्टींतून मी सुटले: उखळ, मुसळ आणि कुबडा नवरा. जात्यावरच्या ओव्या ऐकलेल्या कुठल्याही मराठी बाईला हा आवाज ओळखीचा वाटतो. पटाचारा, किसा गोतमी, अंबपाली यांची गाणी अट्ठकथेतल्या जीवनकथांसह असलेली आवृत्ती मिळवा.

२०. ‘सिद्धार्थ’ ही जर्मन कादंबरी म्हणजे बुद्धचरित्रच ना?

नाही. हेर्मान हेसे यांच्या त्या कादंबरीतला सिद्धार्थ वेगळा तरुण आहे, बुद्ध त्याला वाटेत भेटतात.

२१. लहानपणी आजीने सांगितलेली एक गोष्ट जातकातली असावी असं वाटतं. नाव आठवत नाही. कशी शोधू?

आठवतंय तेवढं लिहून काढा: प्राणी कोणते, वस्तू कोणती, शेवट काय. माणसांची नावं सांगता सांगता बदलतात, वस्तू सहसा बदलत नाही. मग जातकांच्या खंडांची अनुक्रमणिका त्या वस्तूच्या पाली नावाने पाहा. जातकांना बहुधा त्यावरूनच नाव पडलेलं असतं: सस, कच्छप, अंब, हंस.

मागच्या वर्षी एका आजोबांनी विचारलं की त्यांची आई अवेळी येणाऱ्या आंब्यांची गोष्ट सांगायची. एवढंच आठवत होतं. आंबा म्हणजे ‘अंब’, आणि अंबजातक क्र. ४७४ निघालं. एक ब्राह्मण तरुण चांडाळ गुरूची मनापासून सेवा करून मंत्र शिकतो, मोसम नसताना झाडाला आंबे आणतो. गुरूने एकच सांगितलेलं असतं: कोणी विचारलं तर माझं नाव लपवू नकोस. राजा विचारतो, ‘हे कोणाकडून शिकलास?’ तरुणाला लाज वाटते आणि तो एका मोठ्या आचार्याचं नाव घेतो. पुढच्या वेळी झाडाखाली उभा राहतो तर मंत्र आठवत नाही. राजा त्याला हाकलून देतो, ‘ज्याच्याकडून विद्या मिळाली त्याची जात पाहतोस?’ तो परत गुरूकडे जातो, पण गुरू पुन्हा मंत्र देत नाही.

आजोबांना मी ती पानं वाचून दाखवली. ते म्हणाले, आई शेवटचं वाक्य म्हणायची तेव्हा आमच्याकडे बघायची.